एक मीटर अठ्ठ्याण्णव सेंटीमीटरचा सेंटर : काइल हाइन्सची युरोपातली सोळा वर्षं

२६ जून २००८ रोजी न्यूयॉर्कमध्ये एनबीए या अमेरिकेतल्या अव्वल व्यावसायिक बास्केटबॉल लीगच्या संघांनी साठ नवे खेळाडू निवडले. पहिलं नाव डेरिक रोझचं निघालं. सेंटरच्या, म्हणजे बास्केटजवळ खेळणाऱ्या सर्वांत उंच खेळाडूच्या, जागेसाठी ते साल भरघोस होतं. ब्रूक आणि रॉबिन हे लोपेझ बंधू, रॉय हिबर्ट, जवेल मॅगी, कोस्टा कूफोस असे सात फुटांच्या आसपासचे सगळे जण पहिल्याच फेरीत उचलले गेले. न्यू जर्सीतल्या सिकलरव्हिलचा काइल हाइन्सही सेंटरच होता. साठही नावं पुकारून झाली, त्याचं नाव आलं नाही.

त्याची कॉलेजातली कामगिरी पाहिली तर हे न पटणारं वाटतं. नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठाच्या ग्रीन्सबरो शाखेकडून तो चार वर्षं खेळला आणि दोन हजारांवर गुण, हजारावर रिबाउंड (चुकलेल्या फेकीचा चेंडू मिळवणं) आणि तीनशेवर ब्लॉक (समोरच्याची फेक हवेत अडवणं) नावावर घेऊन बाहेर पडला. हे तिन्ही टप्पे ओलांडणारे खेळाडू अमेरिकी कॉलेज बास्केटबॉलच्या इतिहासात तोवर हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच झाले होते. टिम डंकन आणि डेव्हिड रॉबिन्सन ही त्यांतली दोन नावं. पण डंकनची उंची २.११ मीटर, रॉबिन्सनची २.१६. हाइन्सची १.९८, म्हणजे साडेसहा फूट. त्यात त्याला लांबून फेक जमत नव्हती, त्यामुळे बाहेरच्या जागी खेळवण्याचाही प्रश्न नव्हता. शिवाय ग्रीन्सबरो हे काही नावाजलेलं केंद्र नव्हे. ते ज्या सदर्न कॉन्फरन्समध्ये, म्हणजे कॉलेजांच्या गटात, खेळायचं, त्याच कॉन्फरन्समधल्या डेव्हिडसन कॉलेजचा स्टीफन करी त्या वर्षी देशभर गाजत होता. त्याच मैदानांवर खेळणाऱ्या हाइन्सकडे फारसं कुणी वळून पाहिलं नाही.

एनबीएच्या निवड समित्यांनी मूर्खपणा केला असं मी म्हणणार नाही. २००८ मध्ये एनबीएतला सेंटर म्हणजे बास्केटखाली पाठ टेकवून उभा राहणारा, सात फुटी माणसाला खांद्याने रेटणारा गडी. त्या चौकटीत हाइन्स बसत नव्हता. त्यांचा प्रश्न ‘तू किती उंच आहेस?’ हा होता आणि त्या प्रश्नाचं उत्तर त्याच्याकडे नव्हतं. त्याची सगळी कारकीर्द मला एवढ्यासाठी अभ्यासण्याजोगी वाटते की युरोपात त्याला वेगळा प्रश्न विचारणारी माणसं भेटली: ‘तू कुणाकुणाला अडवू शकतोस?’

त्या उन्हाळ्यात त्याच्यापुढे दोन मार्ग होते. एक, एनबीएच्या डी-लीगमध्ये, म्हणजे तिच्या दुय्यम लीगमध्ये, राहायचं. तिथला पगार तेव्हा वर्षाला साधारण बारा ते पंचवीस हजार डॉलर होता, पण एनबीएच्या शोधपथकांची नजर सतत असायची. कधी कुणी जखमी झालं की दहा दिवसांच्या करारावर बोलावणं येईल, या आशेवर शेकडो मुलं तिथे वर्षानुवर्षं थांबतात. दुसरा मार्ग परदेशाचा. हाइन्सने दुसरा निवडला, आणि निवडलेलं ठिकाण फार छोटं होतं.

वेरोली

वेरोली हे रोमच्या आग्नेयेला, फ्रोझिनोने प्रांतातलं डोंगरावरचं गाव. वस्ती वीस हजारांच्या आसपास. तिथला प्रिमा वेरोली हा क्लब इटलीच्या दुसऱ्या श्रेणीत, म्हणजे लेगादुएमध्ये खेळत होता. अमेरिकेच्या दृष्टीने ही जागा नकाशाबाहेरची.

माझ्या मते या कारकिर्दीतला सर्वांत महत्त्वाचा निर्णय हाच. पहिल्या श्रेणीतल्या एखाद्या क्लबात तो गेला असता तर बाकावरचा शेवटचा परदेशी ठरला असता आणि दोन पराभवांनंतर त्याचं परतीचं तिकीट निघालं असतं. युरोपातल्या बहुतेक देशांतर्गत लीगमध्ये परदेशी खेळाडूंच्या संख्येवर मर्यादा असते. त्यामुळे परदेशी खेळाडूची प्रत्येक जागा क्लबला मोलाची वाटते, आणि त्या जागेवरचा माणूस अपेक्षेला उतरला नाही तर त्याला बदलायलाही क्लब वेळ लावत नाही. दुसऱ्या श्रेणीत मात्र अमेरिकन खेळाडूच्या हातात चेंडू भरपूर येतो, मिनिटं भरपूर मिळतात, चुकायला वाव मिळतो. हाइन्स वेरोलीत एक नव्हे, दोन हंगाम राहिला. तिथे त्याने युरोपचं बास्केटबॉल अंगात मुरवून घेतलं.

मुरवावं लागतं, कारण खेळ एकच असला तरी नियमांतले फरक मोठे आहेत. सामना ४८ ऐवजी ४० मिनिटांचा. सहा ऐवजी पाचव्या फाउलला खेळाडू बाहेर. एनबीएत बचाव करणारा खेळाडू कुणाला न अडवता बास्केटसमोरच्या रंगीत पट्ट्यात तीन सेकंदांहून जास्त उभा राहू शकत नाही. फिबा या आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या नियमांत अशी बंदी नाही, त्यामुळे बास्केटखाली कायम गर्दी. चेंडू कड्याला लागला की एनबीएत तो कड्यावर असेपर्यंत हात लावता येत नाही, फिबात कुणीही तो ढकलून देऊ शकतं. वरवर पाहता हे सगळं उंच माणसाच्या फायद्याचं. पण गर्दी झाली की उडी मारून चेंडू वरून बास्केटमध्ये कोंबण्यापेक्षा गर्दीतून चेंडू कुणाला द्यायचा हे कळण्याची किंमत वाढते. हाइन्स शिकला ते हे. स्क्रीन लावून, म्हणजे साथीदाराच्या बचावपटूची वाट अडवून, बास्केटकडे वळायचं, फ्री थ्रोच्या (फाउलनंतरच्या मोकळ्या फेकीच्या) रेषेजवळ चेंडू घ्यायचा, आणि बचावातला कोणता माणूस आपल्याकडे सरकतोय ते पाहून त्याने मोकळ्या सोडलेल्या साथीदाराकडे पास टाकायचा. एका क्षणात घ्यायचे हे निर्णय आकडेवारीत फारसे दिसत नाहीत, प्रशिक्षकाला मात्र दिसतात.

पैशाबद्दलही इथेच सांगायला हवं. युरोपातले करार बहुधा हातात पडणाऱ्या रकमेत लिहिले जातात, कर क्लब भरतो. राहायला घर, फिरायला गाडी आणि घरच्यांसाठी विमानाची तिकिटं हेही करारातच असतं. ऐकायला छान वाटतं. पण छोट्या क्लबांत पगार महिनोन्‌महिने थकणं ही इतकी सर्रास घडणारी गोष्ट होती की २००७ मध्ये फिबाला त्यासाठी खास लवाद उभारावा लागला. इटली, ग्रीस, तुर्कस्तान यांतल्या कित्येक क्लबांची नावं त्या लवादाच्या निवाड्यांत सापडतील. परदेशी जाणाऱ्या खेळाडूने पहिल्या वर्षी पगाराच्या आकड्यापेक्षा क्लबची पत पाहावी, असं जाणते एजंट सांगतात ते उगाच नाही.

बँबर्ग, आणि तिथून फुटलेल्या दोन वाटा

२०१० मध्ये हाइन्स जर्मनीतल्या बँबर्गला गेला. सत्तरेक हजार वस्तीचं, मध्ययुगीन इमारतींसाठी जागतिक वारसा ठरलेलं शहर, आणि बास्केटबॉलचं वेड इतकं की त्याला ‘फ्रीक सिटी’ म्हणतात. अमेरिकन प्रशिक्षक ख्रिस फ्लेमिंगच्या हाताखाली त्या हंगामात ब्रोझे बास्केट्स संघाने लीग आणि चषक दोन्ही जिंकले. अंतिम मालिकेत आल्बा बर्लिनला ३–२ असं हरवलं, आणि मालिकेतला सर्वोत्तम खेळाडू हाइन्स ठरला. त्याच वर्षी तो पहिल्यांदा युरोलीग, म्हणजे युरोपातल्या अव्वल क्लबांची स्पर्धा, खेळला.

एका हंगामानंतर तो निघाला. पुढच्या हंगामात बँबर्गने आणखी एक अमेरिकन घेतला: पी. जे. टकर. उंची १.९६ मीटर, अंगाने दणकट, काम बहुतांशी बचावाचं. टोरांटोने २००६ मध्ये त्याला ३५व्या क्रमांकावर निवडलं होतं आणि पहिल्याच हंगामात सोडून दिलं होतं. त्यानंतर इस्रायल, युक्रेन, इटली असं करत तो बँबर्गला पोहोचला. २०१२ मध्ये त्यानेही जर्मन लीग जिंकली आणि तोही अंतिम मालिकेतला सर्वोत्तम ठरला. तिथून तो फिनिक्स सन्समार्फत एनबीएत परतला, २०२० मध्ये ह्यूस्टनने त्याला चक्क सेंटर म्हणून खेळवलं, आणि २०२१ मध्ये मिलवॉकीकडून तो विजेता झाला.

म्हणजे एकच क्लब, लागोपाठचे दोन हंगाम, जवळपास सारख्याच बांध्याचे दोन खेळाडू. एक परत गेला, एक राहिला. टकरने कोपऱ्यातून तीन-गुणी फेक कमावली, आणि एनबीएत बुटक्या बचावपटूला टिकण्यासाठी तेवढी एक गोष्ट लागतेच. हाइन्सकडे ती कधीच आली नाही. म्हणून ‘हाइन्सने युरोपला प्राधान्य दिलं’ असं नुसतं म्हणणं अपुरं आहे. त्याच्या गुणांना पुरेपूर किंमत देणारी जागा युरोप हीच होती, आणि ते त्याने वेळेत ओळखलं.

पिरेअस

२०११ च्या उन्हाळ्यात ग्रीस आर्थिक संकटात रुतला होता. पिरेअसच्या ऑलिंपियाकोस क्लबने बास्केटबॉलचा खर्च कठोरपणे कापला. मिलोश तेओदोसिच मॉस्कोला गेला, इओआनिस बुरुसिस मिलानला, थिओ पापालुकासही बाहेर पडला. संघात होते ते वासिलिस स्पानुलिस, प्रिंतेझिस, आणि पापानिकोलाऊ, स्लुकास, मांत्झारिस ही एकवीस-बावीस वर्षांची ग्रीक पोरं. प्रशिक्षक दुशान इव्कोविच, सत्तरीकडे झुकलेले. अशा संघात हाइन्स आला. संघ श्रीमंत असता तर सेंटरच्या जागेसाठी त्यांनी बहुधा कुणी नावाजलेला, उंच माणूस घेतला असता. हे नशीबच, आणि ते नशीब म्हणूनच नोंदवायला हवं.

१३ मे २०१२, इस्तंबूल. युरोलीगचा अंतिम सामना, समोर सीएसकेए मॉस्को. त्यांच्याकडे आंद्रेई किरिलेंको, त्या हंगामाचा सर्वोत्तम खेळाडू, तेओदोसिच, आणि सेंटरच्या जागी २.१३ मीटरचा नेनाद क्रिस्टिच व २.११ मीटरचा साशा काउन. तिसऱ्या सत्रात सीएसकेए ५३–३४ असं पुढे होतं. एकोणीस गुण. त्यानंतर ऑलिंपियाकोसच्या तरुण खेळाडूंनी बचाव असा आवळला की सीएसकेएला उरलेल्या वेळात आठच गुण करता आले. अखेरच्या दहा सेकंदांत सीएसकेएच्या शिश्काउस्कासचे दोन्ही फ्री थ्रो चुकले, स्पानुलिस धावत आला, सगळा बचाव त्याच्याकडे खेचला गेला, त्याने प्रिंतेझिसला पास दिला आणि प्रिंतेझिसने एका हाताने हलकेच चेंडू आत सोडला. ६२–६१.

पुढच्या वर्षी लंडनमध्ये, नवे प्रशिक्षक बार्तझोकास यांच्या हाताखाली, त्यांनी उपांत्य सामन्यात त्याच सीएसकेएला ६९–५२ असं चिरडलं आणि अंतिम सामन्यात रेआल माद्रिदविरुद्ध पहिल्या सत्रात १०–२७ असे मागे पडूनही १००–८८ ने जिंकले. सलग दोन युरोलीग. पाच वर्षांपूर्वी साठांत न बसलेला माणूस आता सव्वीस वर्षांचा होता.

तो नेमकं काय करायचा

युरोपातल्या त्या दशकाच्या बास्केटबॉलचा कणा म्हणजे पिक-अँड-रोल. गार्ड (चेंडू पुढे नेणारा चपळ खेळाडू) चेंडू घेऊन येतो, सेंटर त्याच्या बचावपटूच्या वाटेत स्क्रीन म्हणून उभा राहतो, गार्ड स्क्रीनला घासून निघतो आणि क्षणभर समोर दोन आक्रमकांविरुद्ध एकच बचावपटू उरतो. स्पानुलिस, दिआमांतिदिस, नवारो, तेओदोसिच, नांदो दे कोलो या सगळ्यांनी त्या क्षणावर आपलं साम्राज्य उभं केलं. बचाव करणाऱ्या उंच सेंटरपुढे मग दोनच वाईट पर्याय उरतात. मागे हटून बास्केट राखली तर गार्डला मोकळी फेक मिळते. पुढे झेपावलं तर मागे वळलेला आक्रमक सेंटर मोकळा सुटतो.

तिसरा पर्याय म्हणजे स्विच: सेंटरने गार्डला आणि गार्डच्या बचावपटूने सेंटरला उचलायचं. कागदावर सोपा, मैदानात आत्मघातकी. कारण सात फुटी माणूस चपळ गार्डसमोर हेलपाटतो. हाइन्स हेलपाटत नसे. बसकी ढब, पायांची भराभर हालचाल, लांब हात, आणि गार्डच्या खांद्याऐवजी कमरेवर नजर. गार्ड डावी-उजवी हुलकावणी देत राही, फेकीसाठी मिळणाऱ्या चोवीस सेकंदांचं घड्याळ संपत येई, आणि शेवटी त्याला हाइन्सच्या हातावरून अवघड फेक मारावी लागे. स्क्रीनमुळे जो फायदा निर्माण व्हायला हवा तो होतच नसे.

आणि बास्केटखाली उंच सेंटरशी गाठ पडली की? तिथे त्याची उंची कमी असणंच त्याच्या कामी यायचं. तांबड्या मातीतला बुटका मल्ल जसा उंच गड्याच्या कंबरेखाली शिरून पट काढतो, तसा हाइन्स समोरच्याच्या मांडीला मांडी भिडवून त्याला त्याच्या आवडत्या जागेपासून एक पाऊल बाहेर ठेवायचा. पास यायच्या आधीच ही झुंज संपलेली असायची. चेंडू आल्यावर उडी मारून अडवणं हा शेवटचा उपाय, आणि त्यातही वेळ साधण्यात तो वाकबगार होता.

त्याच्या युरोलीगच्या सरासरीकडे पाहिलं तर सामन्यामागे सात-आठ गुण आणि चार-पाच रिबाउंड एवढंच दिसतं. कोणत्याही मध्यम खेळाडूचे वाटावेत असे आकडे. तरीही २०१६, २०१८ आणि २०२२ असा तीनदा तो युरोलीगचा सर्वोत्तम बचावपटू ठरला, आणि २०१० ते २०२० या दशकाच्या सर्वोत्तम संघात त्याची निवड झाली. बास्केटबॉलची आकडेवारी हातून घडलेलं मोजते; घडू न दिलेलं मोजायला तिच्याकडे रकाना नाही. ही उणीव मला या खेळाबद्दल कायम खटकत आली आहे, आणि हाइन्सच्या बाबतीत तर ती ढळढळीत दिसते.

मॉस्को

२०१३ मध्ये, ज्या क्लबला दोनदा हरवलं त्या सीएसकेएनेच त्याला घेतलं. प्रशिक्षक एत्तोरे मेसिना. साथीला तेओदोसिच, ज्याच्याविरुद्ध इस्तंबूलचा तो सामना झाला होता. इथे हाइन्स सात हंगाम राहिला. युरोपातल्या अमेरिकन खेळाडूचा नेहमीचा करार एका वर्षाचा असतो, दरवर्षी नवी भाषा, नवं घर, नवा प्रशिक्षक. सोळा वर्षांत पाचच क्लब, आणि त्यातल्या एकात सात वर्षं, हे दुर्मीळ.

हा काळ नुसता विजयांचा म्हणून सांगितला जातो, तो तसा नव्हता. २०१४ मध्ये उपांत्य सामन्यात मक्काबी तेल अवीवविरुद्ध पंधरा गुणांची आघाडी होती. अखेरच्या सेकंदांत चेंडू हातून निसटला, टायरिस राइसने बास्केट केली, ६७–६८. २०१५ मध्ये माद्रिदला ऑलिंपियाकोसविरुद्ध उपांत्य सामना. स्पानुलिस जवळपास पूर्ण सामना चाचपडत होता आणि शेवटच्या काही मिनिटांत त्याने तीन-गुणी फेकींचा मारा केला. ६८–७०. हाइन्सच्या जुन्या साथीदारांनीच त्याला घरी पाठवलं. २०१७ मध्ये पुन्हा तेच, ७८–८२. २०१८ मध्ये रेआल माद्रिदकडून हार. दरवर्षी अंतिम चार संघांत पोहोचायचं आणि तिथे एका रात्रीत हंगाम संपवायचा. युरोलीगच्या शेवटच्या टप्प्यात मालिका नसते, एकच सामना असतो, त्यामुळे सर्वोत्तम संघही विजेता होईलच असं नाही.

मधलं २०१६ मात्र त्यांचं. दिमित्रिस इतुदिस प्रशिक्षक. बर्लिनमध्ये फेनरबाह्चेविरुद्ध मध्यंतराला वीस गुणांची आघाडी, ती पूर्ण वितळली, दोन गुणांनी मागे पडायची वेळ आली, आणि दोनएक सेकंद उरलेले असताना विक्तर ख्रियापाने चुकलेली फेक परतवून आत ढकलली. जादा वेळेत १०१–९६. त्या संघाचं आक्रमण तेओदोसिच आणि दे कोलो या दोघांच्या प्रतिभेवर चालायचं, आणि दोघेही बचावात कच्चे. त्यांच्या मागे हाइन्स नसता तर इतुदिसना त्या दोघांना एकत्र खेळवणं परवडलं नसतं असं मला ठाम वाटतं. २०१९ मध्ये व्हितोरियाला, तेओदोसिच केव्हाच गेलेला असताना, रेआलला ९५–९० आणि अनादोलू एफेसला ९१–८३ असं हरवून चौथी युरोलीग आली. रशिया आणि आसपासच्या देशांतल्या क्लबांची व्हीटीबी लीग तर २०१४ पासून सलग सहा वेळा.

याच काळात, २०१८ मध्ये, युरोलीगच्या खेळाडूंची संघटना उभी राहिली. तिच्या नेतृत्वातल्या खेळाडूंत हाइन्स होता. एनबीएच्या खेळाडूंना कित्येक दशकं संघटना आहे. युरोपात प्रत्येक खेळाडू आपापल्या क्लबशी एकटा भांडत होता. मार्च २०२० मध्ये साथीमुळे हंगाम थांबला, मे महिन्यात रद्द झाला, पगारकपातीची बोलणी सुरू झाली, तेव्हा खेळाडूंच्या वतीने लीगशी बोलायला कुणीतरी होतं, ते या संघटनेमुळे. वेरोलीसारख्या गावात सुरुवात केलेल्या माणसाला याची गरज कुणी वेगळी समजावून सांगावी लागली नसेल.

किंमत

अशा कारकिर्दीची दुसरी बाजू हिशेबात न घेता तिचं गुणगान करणं बरोबर नाही. हंगामाची तयारी ऑगस्टमध्ये सुरू होते, देशांतर्गत अंतिम मालिका जूनमध्ये संपते. थँक्सगिव्हिंग, नाताळ, घरातली लग्नं, आजारपणं, सगळं या दहा महिन्यांत येतं. २०१६ च्या शरदापासून युरोलीगने सर्वांनी सर्वांशी खेळायची पद्धत आणली: आधी ३० सामने, २०१९ पासून ३४, शिवाय शनिवार-रविवारी देशांतर्गत लीग. मॉस्कोहून तेल अवीव, तिथून साराटोव्ह, तिथून बार्सिलोना. मुलं परक्या देशातल्या शाळेत. आणि मायदेशी, जिथे त्याचे शाळासोबती राहतात, तिथे चार युरोलीग जिंकलेल्या माणसाला रस्त्यात कुणी ओळखत नाही. एनबीएतला एकही अधिकृत सामना तो खेळला नाही.

आणि हा मार्ग सगळ्यांचा नाही. दर उन्हाळ्यात शेकडो अमेरिकन तरुण युरोपात उतरतात. त्यांतले बरेच जण दोन-तीन वर्षांत, काही तर थकलेल्या पगाराचे कागद हातात घेऊन परततात. हाइन्सला सांभाळून घेणाऱ्या प्रशिक्षकांची यादी पाहा: फ्लेमिंग, इव्कोविच, बार्तझोकास, मेसिना, इतुदिस. एवढे जाणकार लागोपाठ मिळणं हे कर्तृत्वाइतकंच योगाचंही आहे. मॉस्को सोडण्याची वेळसुद्धा. तो २०२० मध्ये निघाला. फेब्रुवारी २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर आक्रमण केलं, रशियन क्लब युरोलीगमधून बाहेर काढले गेले आणि सीएसकेएचे बरेच परदेशी खेळाडू हंगाम अर्धवट टाकून निघून गेले.

तरी एका गोष्टीचं श्रेय निखळ त्याचंच. मोठ्या क्लबात आल्यावर वेरोलीतल्यासारखे गुण करण्याचा हट्ट त्याने धरला नाही. छोट्या क्लबात पंधरा-वीस गुण करणारे खेळाडू वर चढल्यावर तेवढेच गुण मागत राहतात, मिळाले नाहीत की रुसतात, आणि पुढच्या वर्षी पुन्हा छोट्या क्लबात दिसतात. हाइन्सची गुणांची सरासरी जसजशी उतरत गेली तसतसे त्याचे करार मोठे आणि लांब होत गेले. कमी दिसणारं काम पत्करून जास्त मोलाचं होणं हा सौदा तरुण खेळाडूला पंचविशीत पटवणं फार कठीण असतं.

मिलान

२०२० च्या उन्हाळ्यात मेसिनांनी त्याला पुन्हा बोलावलं, या वेळी ऑलिंपिया मिलानसाठी. या क्लबचं अमेरिकन खेळाडूंशी नातं जुनं आहे. ऑक्सफर्डला शिकत असताना बिल ब्रॅडली इथून खेळून १९६६ मध्ये युरोपचा विजेता झाला. पुढे माइक डी’अँटोनीने इथेच नाव कमावलं. आणि १९८७ व १९८८ मध्ये बॉब मॅकअडूने दोन युरोपियन चषक जिंकून दिले. पण मॅकअडू एनबीएचा सर्वोत्तम खेळाडू हा किताब घेऊन आला होता. हाइन्स आला तो युरोपात मिळवलेली पत घेऊन, चौतिशीच्या उंबरठ्यावर.

पहिला हंगाम रिकाम्या स्टँडसमोर खेळला गेला. मिलान ज्या लोंबार्डीत आहे तो म्हणजे युरोपात साथीने सुरुवातीलाच आणि फार वाईट पोळलेला भाग. त्या हंगामात मिलानने १९९२ नंतर प्रथमच अंतिम चार संघांत मजल मारली आणि कोलोनला बार्सिलोनाविरुद्ध शेवटच्या सेकंदाच्या फेकीवर ८२–८४ असा सामना गमावला. पुढच्या वर्षी, पस्तिसाव्या वर्षी, हाइन्स तिसऱ्यांदा सर्वोत्तम बचावपटू ठरला. विशी-पंचविशीच्या गार्डना तो अजूनही स्विचवर अडवत होता. वेग ओसरला होता. पण समोरचा गार्ड कोणत्या हाताला जाणार हे त्याला आधीच कळायचं, कारण त्यांतल्या बहुतेकांना तो कित्येक वर्षं अडवत आला होता.

२०२२, २०२३ आणि २०२४ असं सलग तीन वर्षं मिलानने इटलीचं विजेतेपद मिळवलं, तिन्ही वेळा व्हिर्तुस बोलोन्याला हरवून. २०२४ चं हे क्लबचं एकतिसावं. त्याच उन्हाळ्यात हाइन्सने खेळणं थांबवलं आणि ब्रुकलिन नेट्सच्या व्यवस्थापनात रुजू झाला. नेट्स हा त्याच्या लहानपणी न्यू जर्सीचाच संघ होता. युरोपातला कोणता खेळाडू एनबीएत चालेल, आणि इथे न चाललेला कोणता अमेरिकन तिकडे जाऊन उभा राहील, हे सोळा वर्षं त्या लॉकर रूममध्ये बसलेल्या माणसाइतकं नीट सांगू शकणारे लोक एनबीएच्या कचेऱ्यांत अजून फार नाहीत.